एडिट टेबल की डिरेक्टरची खुर्ची? उठायच्या आधी एकदा वाचा

रात्री दोन वाजता तोच सीन चौदाव्यांदा लावताना प्रत्येक एडिटरच्या डोक्यात एकदा तरी येतंच, की या माणसाने इथे क्लोजअप का नाही घेतला, मी असतो तर घेतला असता. आणि मग तिथून पुढचा किडा, की मग मीच का नसावं. मी स्वतः बरीच वर्षं एडिट केलंय, मालिका पण आणि सिनेमे पण, मध्ये थोडं डिरेक्शन करून बघितलं आणि परत टेबलवर येऊन बसलो, आता अधूनमधून दोन्ही करतो. त्यामुळे ज्यांचं ठरत नाहीये त्यांच्यासाठी दोन्ही कामं समोरासमोर ठेवतोय. अगदी तराजूत तोलून वगैरे नाही हां, माझं मत मध्ये मध्ये येणारच.

आधी एक गैरसमज काढून टाकू. असिस्टंट एडिटर, मग एडिटर, मग डिरेक्टर अशी शिडी आपल्या डोक्यात कोणीतरी बसवलेली असते, आणि नातेवाईक पण विचारतात ना, "मग तू स्वतःचा पिक्चर कधी काढणार?" जसं काही आत्तापर्यंत दुसऱ्याचीच धुणी धूत होतो. थेल्मा शूनमेकर यांनी एडिटिंगसाठी तीन ऑस्कर घेतले, करिअर सगळं एडिटिंगमध्येच. आपल्याकडे रेणू सलुजा यांना एडिटिंगचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, वामन भोसले यांनी आयुष्य टेबलवर काढलं. या लोकांचं काही अडलं होतं म्हणून ते डिरेक्टर झाले नाहीत असं कोणी म्हणून दाखवावं. तर हे प्रमोशन नाही, नोकरी बदलणं आहे, आणि दुसऱ्या नोकरीत पहिल्या नोकरीतलं जेवढं उपयोगी पडेल असं वाटतं त्यापेक्षा कमीच पडतं.

माझ्या मते दोन्हीतला खरा फरक एकच आहे, बाकी सगळं त्यातून निघतं. एडिटर निर्णय घेतो तेव्हा सगळं सामान समोर असतं. आठ टेक आहेत, त्यातला कुठला ते ठरव, नाही पटलं तर कंट्रोल झेड, उद्या सकाळी परत बघ. डिरेक्टरला निर्णय घ्यायचा असतो तो सामान यायच्या आधी. ऊन उतरतंय, चाळीस माणसं तुमच्या तोंडाकडे बघतायत, कॅमेरा इकडे ठेवायचा की तिकडे हे आत्ता सांगायचं, आणि जे सांगाल ते चुकलं तर कळणार तीन आठवड्यांनी, तोपर्यंत सेट मोडलेला असतो. काही लोकांना पहिल्या प्रकारात झोप लागते, काहींना दुसऱ्या प्रकारात मजा येते. तुम्ही कुठले ते तुम्हाला आतून माहीत असतं खरं तर, फक्त कबूल करायला वेळ लागतो.

आता एडिटरकडे असं काय असतं जे बाकीच्या नव्या डिरेक्टरांकडे नसतं, ते आधी बघू, कारण ते कमी नाही. कुठला शॉट लागणार आणि कुठला नुसता कार्डमध्ये पडून राहणार हे कळतं. सीन आत येताना उशिरा यावा आणि बाहेर लवकर पडावं हे अंगात भिनलेलं असतं. ऍक्शन म्हणायच्या आधीचे आणि कट म्हटल्यानंतरचे दोन-तीन सेकंद किती मोलाचे असतात हे एडिटरइतकं कोणाला माहीत नाही, कारण नट सैल पडतो त्या क्षणाची रिऍक्शन चोरून आपण किती सीन वाचवलेत ते आपल्यालाच ठाऊक. त्यामुळे एडिटर डिरेक्टर झाला की कट म्हणायची घाई करत नाही, ही चांगली सवय. शेड्युल कोलमडलं आणि दोन सीन सोडून द्यायची वेळ आली तर कुठले दोन सोडले तरी गोष्ट उभी राहील हेही तो पाच मिनिटांत सांगू शकतो, आणि प्रोड्युसर लोक याच्यावर फिदा असतात.

पण याच गोष्टी उलट्या पण फिरतात. मी बघितलेले (आणि मला झालेले) दोन आजार सांगतो. एक म्हणजे भीतीने जास्त शूट करणं. वर्षानुवर्षं कटअवे (मधे जोडायला लागतो तो बाजूचा शॉट) मिळाला नाही म्हणून रडलेला माणूस, तो सेटवर गेला की मास्टर (अख्खा सीन एका शॉटमध्ये), टू शॉट, दोन्हीकडून ओव्हर द शोल्डर, दोन्ही क्लोजअप, हात, दार, घड्याळ, सगळं घेत बसतो, आणि दुपारी तीनला पहिलाच सीन चालू असतो. दुसरा आजार याच्या बरोबर उलटा, डोक्यात आधीच कट करून टाकायचं आणि तेवढेच तुकडे शूट करायचे. हे ऐकायला हुशारीचं वाटतं, पैसे वाचतात, पण नटाला सीन सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकदाही सलग करायला मिळत नाही, मग तो तुमच्या चौकटीत नीट उभा राहतो आणि काहीच घडत नाही. टेबलवर आपण तुकड्यांत विचार करतो, नट सलग विचार करतो, हा फरक मला कोणी आधी सांगितला असता तर बरं झालं असतं.

नटांचा विषय निघालाच आहे तर त्याच्यावर जरा जास्त बोलतो, कारण सगळ्यात मोठा खड्डा इथेच आहे. एडिटर नटाला इतका जवळून ओळखतो की बस, तो कुठल्या शब्दाआधी श्वास घेतो, खोटं हसताना डावी भुवई कशी जाते, सगळं. पण ही ओळख एकतर्फी असते. स्क्रीनवरचा माणूस तुम्हाला उलटा प्रश्न विचारत नाही. मी पहिल्यांदा सेटवर होतो तेव्हा एका अनुभवी नटाने सरळ विचारलं, मी या दारापाशी का थांबतो? आणि माझ्या तोंडून निघून गेलं, कारण मला इथून पुढच्या सीनवर कट करायचाय. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की आजही आठवलं तरी कान गरम होतात. एक शब्द बोलले नाहीत, जाऊन थांबले, आणि शॉटमध्ये नुसता थांबलेला माणूस दिसला. उत्तर असं हवं होतं की त्याला आत परत जावंसं वाटतंय पण कोणी हाक मारत नाहीये. कटचं उत्तर माझ्या कामाचं होतं, त्यांच्या नव्हे. हे शिकता येतं, येत नाही असं नाही, पण एडिट रूममध्ये शिकता येत नाही. कोणी नाटकाच्या तालमीत जाऊन बसतं, कोणी स्वतः अभिनयाचं वर्कशॉप करतं, काहीही करा पण सेटवर जायच्या आधी करा.

बरं, मग लोक एडिटरचे डिरेक्टर होतात तरी कसे? मी यातल्या नावाजलेल्या लोकांचं जरा खोदून बघितलं तर एक मजेशीर गोष्ट दिसली, की नुसतं "आता मी तयार आहे" म्हणून फारसं कोणाला मिळालेलं नाही. रॉबर्ट वाईज, ज्यांनी १९४१ चा सिटिझन केन एडिट केला, त्यांना पहिलं डिरेक्शन मिळालं ते दुसऱ्या डिरेक्टरचं शेड्युल मागे पडलं म्हणून, मधेच उचलून बसवलं. पुढे त्यांना डिरेक्शनचे दोन ऑस्कर मिळाले ती गोष्ट वेगळी. डेव्हिड लीन न्यूजरील कापत कापत ब्रिटनमधले आघाडीचे एडिटर झाले आणि १९४२ साली नाटककार नोएल कॉवर्ड यांना पडद्यामागचं तंत्र सांभाळणारा माणूस हवा होता म्हणून सहदिग्दर्शक झाले. हॅल ऍश्बी यांना एडिटिंगचं ऑस्कर मिळालं होतं पण १९७० चा पहिला सिनेमा मिळाला तो ज्यांचे सिनेमे ते एडिट करत होते त्या नॉर्मन ज्युविसन यांनी पुढे केलं म्हणून. आणि डोरोथी आर्झनर बाईंचं तर झकास, १९२७ मध्ये, त्यांनी स्टुडिओला सांगितलं की डिरेक्शन द्या नाहीतर मी दुसऱ्या कंपनीत चालले. दिलं.

म्हणजे रस्ते बघा, कोणाचं तरी बिघडणं, कोणाला तरी तुमची गरज पडणं, कोणीतरी शब्द टाकणं, किंवा मग सरळ धमकी. चारही ठिकाणी आधी एडिटर म्हणून तुम्ही इतके लागता की तुम्हाला गमावणं परवडत नाही, ही पायरी आहेच. म्हणून दोन वर्षं एडिट करून कंटाळा आला म्हणून डिरेक्शनकडे जायचं असेल तर थांबा, कंटाळ्याला तिकडे कोणी किंमत देत नाही. आणि आजच्या काळात पाचवा रस्ता म्हणजे स्वतःची स्क्रिप्ट. राजकुमार हिरानी एडिटर होते, जाहिरातींत पण काम केलं, पण २००३ ला डिरेक्टर झाले तेव्हा हातात स्वतःची गोष्ट होती. स्क्रिप्ट नसलेल्या एडिटरला पहिला सिनेमा देणारा प्रोड्युसर मला अजून भेटायचाय.

सिनेमातून की टीव्हीतून, हा यातला वेगळाच प्रश्न आहे आणि लोक याचा विचारच करत नाहीत. सिनेमात डिरेक्टर मालक असतो, निदान तसं मानायची पद्धत आहे. टीव्ही मालिकेत, वेब सिरीजमध्ये पण, बऱ्याच वेळा डिरेक्टर पाहुणा असतो आणि एडिटर घरचा. अमेरिकेतल्या डिरेक्टरांच्या संघटनेचे नियम बघा, मोठ्या बजेटच्या सिनेमात डिरेक्टरला त्याचा कट करायला किमान दहा आठवडे मिळतात, आणि तासाभराच्या मालिकेच्या एपिसोडला चार दिवस. चार! मग तो बॅग उचलून दुसऱ्या शोवर जातो आणि पुढचं सगळं शोरनर (म्हणजे अख्खी मालिका चालवणारा माणूस) आणि एडिटर मिळून करतात. म्हणजे शोचा सूर कोणाच्या कानात असतो? एडिटरच्या. कुठलं पात्र किती वेळ शांत राहिलं की विनोद होतो, कुठल्या नटाचा तिसरा टेक कायम चांगला येतो, हे आठवड्याला बदलणाऱ्या डिरेक्टरपेक्षा त्यालाच जास्त माहीत असतं.

म्हणूनच लांब चालणाऱ्या शोमध्ये एडिटरला एपिसोड डिरेक्ट करायला देणं हे जुगार वाटत नाही. अमेरिकन मालिका द ऑफिसचे एडिटर डेव्हिड रॉजर्स आणि डीन हॉलंड दोघांनीही त्याच शोचे एपिसोड डिरेक्ट केले. क्लेअर स्कॅनलन त्याच शोच्या एडिटर, शेवटच्या एपिसोडच्या एडिटिंगसाठी टीव्हीचं एमी अवॉर्ड मिळालं, मग मालिका डिरेक्ट करत करत २०१८ साली फीचर फिल्म केली. सिनेमातही जिथे मालिकेसारखं घर असतं तिथे हेच झालेलं दिसतं, जेम्स बॉन्डचं बघा ना, सुरुवातीचे बॉन्डपट एडिट करणारे पीटर हंट १९६९ चा बॉन्डपट डिरेक्ट करायला बसले, तो ज्यांनी एडिट केला ते जॉन ग्लेन पुढे १९८१ ते १९८९ सलग पाच बॉन्डपटांचे डिरेक्टर. घरात राहिलेल्या माणसाला घराची किल्ली.

पण टीव्हीचा रस्ता सोपा आहे म्हणून तो तुमचाच आहे असं नाही. तिथे नटांना त्यांचं पात्र तुमच्यापेक्षा चांगलं माहीत असतं, लूक ठरलेला, सूर ठरलेला, तुम्ही येऊन नवीन काही करायचं नसतं, वेळेत आणि नीट करायचं असतं. ज्याला स्वतःची भाषा शोधायचीय त्याची इथे घुसमट होते, आणि ज्याला काम शिकायचंय, नट, वेळ, सेटवरची भांडणं, त्याच्यासाठी यापेक्षा चांगली शाळा नाही कारण दर काही दिवसांनी नवीन परीक्षा असते. रोजच्या मालिकेत तर आज शूट केलेलं थोड्याच दिवसांत टीव्हीवर दिसतं, चुका लपवायला वेळच मिळत नाही. मला विचाराल तर एडिटरने पहिलं डिरेक्शन तो ज्या शोचा एडिटर आहे तिथेच मागावं, लाज न बाळगता.

पैशांचं आणि कॅलेंडरचं पण बोलून घेऊ, ते कोणी बोलत नाही. एडिटरला काम संपलं की दुसरं मिळतं, दोन प्रोजेक्ट शेजारी शेजारी पण चालवता येतात, बिल निघतं. डिरेक्टरचं काम शूटिंगचं नसतंच मुळी, ते वाट बघण्याचं असतं, लिहिणं, ऐकवणं, होकार, मग तोच होकार मागे घेतला जाणं, तारखा, परत लिहिणं. हिरानींचंच घ्या, २००३ ते २०२३ या वीस वर्षांत सहा सिनेमे, आणि हे सगळ्यात यशस्वी उदाहरणांपैकी एक आहे, म्हणजे तुमचं माझं काय ते समजून घ्या. दुसऱ्या टोकाला हृषिकेश मुखर्जी, बिमल रॉय यांचे एडिटर, १९५७ ला पहिला सिनेमा डिरेक्ट केला आणि पुढे चाळीसच्या वर केले. पण त्यांच्याबद्दल मला जास्त आवडणारी गोष्ट ही की डिरेक्टर म्हणून नाव झाल्यावर पण त्यांनी दुसऱ्यांचे सिनेमे एडिट करणं सोडलं नाही, १९६५ चा मल्याळम चेम्मीन आणि १९८३ चा कुली, दोन्हीवर एडिटर म्हणून त्यांचं नाव आहे. आता आपल्यात एक फॅशन आहे, एकदा डिरेक्ट केलं की एडिटिंगचं नाव काढायचं नाही, कमीपणा वाटतो. कशाचा?

आणि हा कमीपणा नुसता मनात राहत नाही, त्याने धंदा बसतो. तुम्ही डिरेक्शन करायला गेलात की जे लोक तुम्हाला एडिटसाठी फोन करायचे ते करत नाहीत, रागाने नाही, त्यांना वाटतं आता हा कशाला येईल. माझा एक सिनेमा अडकला तेव्हा दीड वर्षात एडिटिंगचा एकही फोन आला नव्हता, शेवटी मीच चार जणांना फोन करून सांगितलं की बाबांनो मी टेबलवरच आहे. तेव्हा उठायचं ठरवलंत तर जुन्या लोकांना स्पष्ट सांगून उठा की मी एडिट पण करतोय.

परतीचा रस्ता असतो का, असा प्रश्न येतोच. असतो, आणि मोठ्या लोकांनी वापरलाय. वॉल्टर मर्च यांनी १९८५ ला एक फीचर डिरेक्ट केली, शूटिंग चालू असताना त्यांना काढलं होतं, मग त्यांचे मित्र, स्टार वॉर्सवाले जॉर्ज लुकास वगैरे मंडळी मध्ये पडली आणि परत घेतलं, सिनेमा काही चालला नाही. त्यानंतर त्यांनी फीचर डिरेक्ट केली नाही, टेबलवर परत आले आणि १९९६ च्या द इंग्लिश पेशंटसाठी एडिटिंग आणि साउंड अशी दोन ऑस्कर एकाच सिनेमाची घेऊन गेले. स्टुअर्ट बेअर्ड यांनी १९९६ ते २००२ मध्ये तीन सिनेमे डिरेक्ट केले, मग परत एडिटर, आणि २००६ चा कसिनो रोयाल आणि २०१२ चा स्कायफॉल त्यांनी कापले. यांना कोणी हरलेले म्हणेल का? मला तर उलट वाटतं की सेटवर रगडून निघालेला एडिटर जास्त कामाचा, कारण तो रशेस, म्हणजे न कापलेलं शूटिंग, बघून चिडत नाही, त्याला माहीत असतं की त्या क्लोजअपच्या वेळी पाऊस आला असणार.

शरीराचं एका ओळीत, एडिटिंग पाठ आणि डोळे खातं, डिरेक्शन घसा, पाय आणि झोप खातं, घरच्यांना दोन्हीत तुम्ही दिसत नाही.

अजून ठरत नसेल तर उगाच विचार करत बसू नका, एक दिवस मागून घ्या. तुम्ही एडिट करत असलेल्या प्रोजेक्टमध्ये पॅचवर्क निघतंच, दोन इन्सर्ट, एक राहिलेला रिऍक्शन शॉट, एखादा छोटा सीन. डिरेक्टरला म्हणा, तुम्ही बिझी असाल तर मी जाऊन घेऊन येऊ का, काय हवंय ते मलाच माहीत आहे. बहुतेक वेळा हो म्हणतात, त्यांनाही सुटका हवी असते. त्या दिवशी संध्याकाळी घरी येताना स्वतःकडे बघा, शॉट कसे आले ते सोडा. दिवसभर लोकांनी प्रश्न विचारले त्याने डोकं उठलं की चढलं? पॅचवर्कच्या एका दिवसाने सगळं कळत नाही पण हे एवढं नक्की कळतं. आणि मग शॉर्ट फिल्म करणार असाल तर त्यात दोन माणसं एका खोलीत बोलतायत असा सीन ठेवाच, मोंटाज आणि म्युझिकवर उभी केलेली शॉर्ट फिल्म बनवू नका, ते तुम्हाला येतंच, त्याने काही सिद्ध होत नाही.

शेवटचं राहिलं, डिरेक्टर झालात तर स्वतःचा सिनेमा स्वतः एडिट करायचा का. करणारे आहेत, हिरानी करतात, लीन यांनी १९८४ च्या शेवटच्या सिनेमाला परत स्वतःच कात्री लावली, अमेरिकन डिरेक्टर कोएन बंधू तर रॉडरिक जेन्स नावाचा खोटा एडिटर उभा करून करायचे आणि त्या नसलेल्या माणसाला ऑस्करची दोन नामांकनं पण मिळाली. पण पहिल्या सिनेमाला माझा सल्ला नाही असाच आहे. एरवी एडिटर म्हणून तुमची ताकद काय असते, की तो क्रेन शॉट घ्यायला सहा तास लागले हे तुम्हाला माहीत नसतं, म्हणून तुम्ही तो सहज उडवता. स्वतः शूट केलं की ते सहा तास आठवतात आणि शॉट राहतो. दुसरा एडिटर घ्या, आणि पहिल्याच दिवशी त्याला सांगा की पहिला कट होईपर्यंत मी खोलीत येणार नाही, आणि मग खरंच जाऊ नका. मला नाही जमलं. चौथ्या दिवशी मी त्याच्या मागे उभा राहून म्हणालो, दोन फ्रेम आधी, तर त्याने काही न बोलता खुर्ची मागे घेतली, कीबोर्ड माझ्याकडे सरकवला आणि चहा प्यायला निघून गेला.